आभाराचे दोन शब्द

कुणी कौतुक करायला लागलं की सिस्टर मान जराशी तिरकी करून विचारायच्या, "पुढं?"

प्रश्न साधाच, पण समोरच्याची पंचाईत व्हायची. "तुमच्या त्या भाषणानं इतिहास घडवला हो," असं म्हणून तो हात जोडून उभा असायचा आणि सिस्टर खरोखरच पुढचं ऐकायला थांबल्यासारख्या त्याच्याकडे बघत राहायच्या. पुढचं त्याच्याकडे काही नसायचं. मग तो घड्याळ बघायचा, त्यांच्याबरोबर एक फोटो काढून घ्यायचा आणि निघायचा. तुमच्याही ओळखीत असं कुणीतरी असेल, ज्याला सगळे एकाच गोष्टीसाठी ओळखतात आणि ती गोष्ट बोलून झाली की उठून जातात.

मिरजेतल्या एका हॉस्पिटलात आम्ही बरोबर कामाला होतो. त्या पुरुषांच्या वॉर्डच्या सिस्टर, मी खाली औषधांच्या काउंटरला. माझं नाव त्यांनी कधी घेतलं नाही. "काय फार्मसी, आज डब्यात काय?" असंच विचारायच्या. पुढे सांगलीत आमच्या इमारतीतला समोरचा फ्लॅट रिकामा झाला तेव्हा मीच त्यांच्या कानावर घातलं, आणि निवृत्तीनंतर त्या तिथे राहायला आल्या. दारासमोर दार. आम्ही जैन. आमच्याकडे सूर्य मावळायच्या आत जेवणं उरकतात, याची त्यांना गंमत वाटायची. कुकरची शिट्टी ऐकली की समोरच्या दारातून आवाज यायचा, "आलं का तुमच्या सूर्याचं बोलावणं?" आणि बरेचदा त्या येऊन माझ्याच शेजारी ताट घेऊन बसायच्या.

एकट्याच होत्या. का, ते त्यांनी एकदा आपण होऊन सांगितलं. "दोन स्थळं आलेली. एकाला मी भाषण करणं बंद करायला हवं होतं. दुसऱ्याला मी नुसती भाषणंच करायला हवी होती. भाकरी थापता थापता दोन शब्द बोलावेत, एवढंच मला पाहिजे होतं. तसं कुणी आलं नाही." सांगताना त्या हसत होत्या, म्हणून मीही हसले.

त्या भाषणाबद्दल तुम्ही कदाचित ऐकलं असेल. माण तालुक्याकडच्या गावांमध्ये कितीतरी वर्षं शाळेच्या, चावडीच्या भिंतींवर एक ओळ रंगवलेली असायची: 'पाणी वाढू नका, पाणी भरू द्या.' ती ओळ सिस्टरांची. बोलल्या तेव्हा त्या नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला होत्या आणि सुट्टीला गावी गेल्या होत्या.

दुष्काळी उन्हाळा होता. टँकर यायचा आणि गावच्या विहिरीत पाणी ओतून जायचा. विहीर गावाची, पण सिस्टरांच्या वस्तीतल्या बायकांनी तिच्या काठाला हात लावायचा नाही असा रिवाज होता. त्या घागरी घेऊन खाली उभ्या राहायच्या. वरच्या बायकांचं पाणी भरून झालं की कुणाला दया येईल ती वरून ओतायची. याला गावात 'पाणी वाढणं' म्हणत. जेवण वाढावं तसं.

त्या दिवशी तालुक्याचे साहेब टँकरची व्यवस्था बघायला आले होते. विहिरीपाशीच छोटी सभा झाली. वस्तीतर्फे कुणीतरी आभाराचे दोन शब्द बोलावेत असं गावच्या मंडळींना वाटलं. शिकलेली ही एकच मुलगी, म्हणून तिला उभं केलं.

सिस्टरांनी मला हे सांगितलं ते वॉर्डातल्या दुपारच्या सुट्टीत, भडंग खाता खाता, जणू दुसऱ्याच कुणाची हकिकत सांगावी तसं. "मी आभारच मानायला उभी राहिले होते, फार्मसी. पाठ करून आले होते. साहेबांचे मानले, टँकरच्या ड्रायव्हरचे मानले. हौसाकाकूंचे मानले, कारण माझ्या आईला पाणी त्याच वाढायच्या आणि सगळ्यांत आधी वाढायच्या. मग आई दिसली. मागं बसली होती, रिकामी घागर पालथी घालून. मला वाटलं, मी आज आभार मानून मिरजेला जाईन. हिला उद्याही मानायचे आहेत. परवाही मानायचे आहेत. तिथं माझं पाठांतर संपलं."

मग त्या जे बोलल्या ते त्यांच्या गावच्या बोलीत होतं, आणि मला सांगतानाही त्या बोलीत गेल्या. "आभार मानून मानून माझ्या आईची मान खाली गेलीया. पाणी सरकारचं, हीर गावाची, मग आभार कुणाचं? आमाला पाणी वाढू नका. आमाला पाणी भरू द्या."

एवढंच ते भाषण. साहेब काही बोलले नाहीत, पण गाडीतही जाऊन बसले नाहीत. विहिरीपाशी उभेच राहिले. तेव्हा ही मुलगी काठावर चढली, पोहरा सोडला आणि आईची घागर भरली. वस्तीतलं दुसरं कुणी पुढं आलं नाही. घागर तिनं स्वतःच डोक्यावर घेऊन घरी नेली. आईनं त्या पाण्याला दिवसभर हात लावला नाही.

पुढचे महिने वाईट गेले. वस्तीला शेतावर काम मिळेना, गिरणीवाला दळण घेईना. वडील ज्यांच्याकडे सालगडी होते त्यांनी त्यांना घरी बसवलं. धाकटा भाऊ शाळा सोडून मुंबईला गोदीत गेला आणि जाताना बहिणीला म्हणाला, तुझं भाषण झालं, आता आमचं बघ. पोलीस आले, बैठका झाल्या. दिवाळीच्या सुमाराला वस्तीतल्या बायका विहिरीवर चढून पाणी भरू लागल्या. शेजारच्या गावांनी ऐकलं, मग त्यांच्या शेजारच्यांनी. ओळ भिंतीभिंतीवर गेली. सिस्टर मात्र तोवर मिरजेत रात्रपाळी करत होत्या आणि भावाची शाळा आठवून रडत होत्या.

त्या भाषणाची टेप नव्हती, की कुणी ते लिहून घेतलं नव्हतं. त्यामुळे ते वाढत गेलं. एका शाळेच्या वक्तृत्व स्पर्धेत सिस्टर प्रमुख पाहुण्या होत्या, मला बरोबर घेऊन गेल्या होत्या. आठवीतल्या एका मुलीनं त्यांचंच भाषण म्हणून दाखवलं. ते चांगलं पंधरा मिनिटं चाललं. त्यात सिस्टरांनी आभाळाकडे हात केला होता, घागर जमिनीवर आपटली होती, डोळ्यांतून अंगार बरसवला होता आणि शेवटी साऱ्या गावानं टाळ्यांचा कडकडाट केला होता. सिस्टर हे सगळं मोठ्या उत्सुकतेनं ऐकत होत्या. पुढे काय होणार हे त्यांनाही ठाऊक नव्हतं.

बक्षीस देताना त्यांनी त्या मुलीला जवळ घेतलं. "लय छान बोललीस. माझ्यापेक्षा छान. टाळ्या मात्र कुणी वाजवल्या नव्हत्या हं."

मुलीचा चेहरा उतरला. "मग काय झालं होतं?"

"कुणी काहीच बोललं नाही. बराच वेळ. तुला सांगते, टाळ्या वाजवणाऱ्या लोकांपुढं बोलणं सोपं असतं."

परत येताना रिक्षात म्हणाल्या, इतक्या वर्षांत 'मग काय झालं' असं विचारणारी ही पहिलीच. नाहीतर सगळे मलाच सांगतात काय झालं ते.

आई शेवटची काही वर्षं त्यांच्याकडे मिरजेत होती, सोनाबाई. हॉस्पिटलच्या क्वार्टरमध्ये. मी त्यांना पाहिलंय. घरात नळ, नळाला चोवीस तास पाणी, आणि ही म्हातारी दाराबाहेर पायरीवर बसलेली. येणाऱ्याजाणाऱ्याकडे बघायची. कुणी थांबायचं नाही, सगळ्यांना ड्युटीची घाई. मी डबा खायला तिथे जायची तेव्हा माझा हात धरून ठेवायची. मला म्हणाली होती, "घरात नळ आला की मानूस एकटं पडतं बग."

मायलेकींमध्ये एक गोष्ट अडकून राहिली होती, ती मला सिस्टरांकडूनच कळली. हौसाकाकूंचं घर विहिरीला लागूनच. चांगल्या शेतीवाडीचं घर. वरून त्यांची कळशी, खाली सोनाबाईंची घागर, मध्ये हातभर अंतर, आणि पाण्याची धार पडेपर्यंत दोघींचं बोलणं. कुणाची गाय व्यायली, कुणाची सासू कशी वागली, पोटात काय दुखतं. लग्न होऊन दोघी एकाच वर्षी गावात आल्या होत्या. एकमेकींच्या घरात पाऊल टाकायची सोय नव्हती. जी काही मैत्री होती ती त्या धारेपुरती.

भाषण झालं आणि हौसाकाकूंनी तोंड फिरवलं. भर सभेत या पोरीनं आधी आपलं नाव घेऊन आभार मानले आणि लगेच 'वाढू नका' म्हणाली, हे त्यांना फार लागलं. त्यानंतर सोनाबाई आपलं पाणी आपण भरू लागल्या आणि विहिरीच्या त्याच काठावर हौसाकाकू दुसरीकडे बघत आपली कळशी भरायच्या. आता मध्ये अंतर उरलं नव्हतं, पण बोलणं संपलं होतं.

"आईनं मला कधी दोष दिला नाही," सिस्टर म्हणाल्या. "एकदाच म्हणाली, तुजं खरं हाय, पर माजं बोलणं बंद झालं त्याचं काय? याला मी काय उत्तर द्यायचं? भाषणात तर हे कुठं बसत नाही." 

आई गेल्यावर सिस्टर जास्तच गप्प झाल्या. ड्युटी संपली की मिरजेतल्या तंबोरे बनवणाऱ्यांच्या गल्लीतून घरी यायच्या, लांबच्या वाटेनं. कारागीर तारा जुळवत बसलेले असायचे. सिस्टर एखाद्या दुकानाच्या पायरीशी उभ्या राहायच्या. गाण्यातलं त्यांना काही कळत नव्हतं. मी विचारलं तर म्हणाल्या, "बरं वाटतं. कुणीतरी बोलतंय असं वाटतं आणि आपल्याला काही बोलायला लागत नाही."

एप्रिलमध्ये जयंतीला आणि डिसेंबरमध्ये बोलावणी यायची. हार, शाल, नारळ. आयोजक गाडी पाठवायचे. जाताना गाडीत दोनतीन माणसं असायची, परत येताना फक्त ड्रायव्हर. शालींचं त्यांनी काय केलं ते सांगते. वॉर्डात थंडीच्या दिवसांत गेलात तर म्हाताऱ्या पेशंटांच्या अंगावर सत्काराच्या जरीकाठी शाली दिसायच्या. नवी डॉक्टर मंडळी चकित व्हायची, की इतके सत्कारमूर्ती एकाच वॉर्डात कसे.

काही वर्षांपूर्वी त्यांच्या गावचा तरुण सरपंच घरी आला. विहिरीला आता ऐतिहासिक महत्त्व आहे, तिथे संगमरवरी पाटी बसवायची आहे, सिस्टरांच्या हस्ते अनावरण करायचं आहे, असं म्हणाला. मुलगा सालस होता. सिस्टरांनी नेहमीप्रमाणे "पुढं?" विचारलं. तो म्हणाला, "पुढं जेवण आहे, सगळ्या गावाचं, एका पंगतीत." सिस्टर त्याच्याकडे बघत राहिल्या आणि येते म्हणाल्या. भाषणानंतर नोकरीमुळे आणि मग आई इकडे आल्यावर त्यांचं गावी जाणं जवळजवळ तुटलंच होतं. मला म्हणाल्या, फार्मसी, तू चल. एकटीनं जायचं गाव नाही ते.

विट्यावरून, मायणीवरून गेलो. मायणी सोडल्यावर हिरवा रंग कमी कमी होत गेला आणि माळ सुरू झाले. मेंढरांचे कळप रस्त्यात आडवे यायचे. सिस्टर खिडकीतून बघत होत्या. गावाच्या अलीकडे ओढ्याजवळ पत्र्याची एक स्मशानशेड दिसली आणि थोडं पुढं तसलीच दुसरी. सिस्टर म्हणाल्या, "पाणी एक झालं. हे अजून दोन हायत." ड्रायव्हरनं आरशातून पाहिलं आणि गाडीचा वेग वाढवला.

विहिरीवर लोखंडी जाळी बसवली होती. आत कडेला शेवाळ, तळाला प्लास्टिकच्या बाटल्या. आता घरोघरी नळ आहेत, पाणी दिवसाआड येतं, विहिरीकडे कुणी फिरकत नाही. मंडप, खुर्च्या, गावातल्या बायका, म्हातारी माणसं. तरणे पुरुष बरेचसे मुंबईला, काही सैन्यात. पाटीवरचा पडदा सिस्टरांनी बाजूला केला. ओळ बरोबर कोरली होती. खाली त्यांचं नाव. टाळ्या झाल्या. मग त्यांना माईकपाशी नेलं आणि सरपंचानं सांगितलं की ताई आता तेच भाषण आपल्याला प्रत्यक्ष ऐकवतील.

सिस्टरांनी माईक धरला. समोरच्या बायकांवरून त्यांची नजर फिरत होती, कुणाला तरी शोधत असल्यासारखी. मग त्यांनी माईकवरच विचारलं, "हौसाकाकू आल्यात का?"

कुणीतरी सांगितलं, घरातच आहेत, चालवत नाही, दिसतही नाही. सिस्टरांनी माईक खाली ठेवला आणि व्यासपीठावरून उतरल्या. मी मागोमाग निघाले. सरपंच गोंधळून माईकपाशीच उभा राहिला.

घर वीस पावलांवर. सोप्यात खाटेवर एक वाळलेली म्हातारी भिंतीला टेकून बसली होती. मंडपातला आवाज तिथे सगळा ऐकू येत होता, म्हणजे मघाचा प्रश्नही तिनं ऐकला असणार. सिस्टर तिच्या पायाशी जमिनीवर बसल्या.

"कोण हाय?"

"सोनाबाईची लेक."

म्हातारीनं मान आवाजाकडे वळवली. मग म्हणाली, "सोना कुटं हाय?"

"आई जाऊन लय वर्सं झाली, काकू."

"मला कुणी सांगितलं न्हाई." तिनं पदर तोंडाला लावला. थोड्या वेळानं म्हणाली, "मी पयलं तिलाच वाडायची. माज्या जावंच्या आदी. सासू बोलायची मला त्यावरनं."

"आई सांगायची."

"मग तू चारचौगांत तसं का बोल्लीस?"

इतकी वर्षं लोक सिस्टरांना त्या भाषणाबद्दल विचारत होते. स्फूर्ती कुठून मिळाली, धैर्य कुठून आलं, असलं काहीबाही. हा प्रश्न विचारण्याचा हक्क एकाच बाईला होता आणि ती आज विचारत होती. सिस्टरांनी खाटेच्या कडेवर हात ठेवला.

"काकू, तुमी वाडत हुतासा. पर तुमी नसला त्या दिशी आई उनात उबी ऱ्हायाची."

"मी म्हायेरी गेल्ते तवा?"

"तवाबी. तुमास्नी ताप आल्ता तवाबी. तुमच्या घरात लगीन हुतं तवाबी."

"कुणी वाडलं न्हाई तिला?"

"वाडलं. दुपार कलल्यावर."

हौसाकाकूंचे न दिसणारे डोळे विहिरीच्या दिशेला वळले. "सोना मला कवा बोल्ली न्हाई हे."

"तुमास्नी वाईट वाटंल म्हणून."

बाहेर मंडपात कुणीतरी माईकवर फुंकर मारून पाहत होतं. म्हातारी हळूच म्हणाली, "मलाबी वाटायचं, ती ईल. हीर तर हितंच हुती. मी तोंड फिरवलं, पर कान हिकडंच हुता माजा." मग तिनं हात पुढे केला आणि अंदाजानं सिस्टरांचं डोकं चाचपलं. कपाळ, कान, मान. पहिल्यांदाच. सिस्टर हलल्या नाहीत.

सुनेनं चहा आणला. म्हातारीला तिच्या स्टीलच्या पेल्यात, आम्हा दोघींना कागदी कपांत. सिस्टरांची नजर क्षणभर कपावर थांबली. मग त्यांनी चहा प्यायला, सगळा.

मंडपात परतल्यावर त्यांनी ते भाषण केलं नाही. एवढंच म्हणाल्या: "जे बोलले ते पाटीवर आहे, तुम्ही वाचालच. पण मी आधी आभारही मानले होते. हौसाबाईंचे मानले होते. ते खोटे नव्हते. ते कुणी लक्षात ठेवलं नाही, म्हणून आज परत मानते." आणि बसल्या. सरपंचाला वाटलं अजून बाकी आहे. तो बराच वेळ माईक त्यांच्यासमोर धरून उभा होता.

पंगत एकच होती, हे सांगायला हवं. मी डोळ्यांनी पाहिली.

परतताना मायणी आली तेव्हा सिस्टरांनी माझ्याकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "तुझ्या हातातही कागदीच कप होता ना?"

मी हो म्हटलं.

"म्हणजे कार्यक्रमासाठी आणलेले असतील. किंवा तुला माझ्याबरोबरची समजली असेल. किंवा तिला कप घासायचा कंटाळा आला असेल. माणसं भरपूर होती." त्या खिडकीकडे वळल्या. "पूर्वी कळायचं, फार्मसी. विहिरीवर चढू देत नाहीत म्हणजे नाहीत. त्यावर भाषण करता येत होतं. आता हे एवढंच राहिलंय, की कळत नाही. आणि ते दुसऱ्या कुणाला दिसतही नाही. तुलाही दिसलं नसतं."

खरंच, मला दिसलं नव्हतं. त्यांच्या शेजारी बसून मी तोच चहा प्यायले होते आणि मला फक्त साखर जास्त वाटली होती.

त्यानंतर काही महिने गंमत झाली. हौसाकाकूंचा फोन यायला लागला. नातसून लावून द्यायची. सिस्टर फोन स्पीकरवर टाकून भाजी निवडत बसायच्या. बोलण्यासारखं दोघींकडे काहीच नव्हतं. "जेवलीस का?" "जेवले काकू." "काय केलं हुतंस?" "मेथी." मग दोन्हीकडे शांतता, तिकडे शेळी ओरडायची, इकडे माझा कुकर. "बरं, ठिवू?" "ठिवा." फोन बंद झाल्यावर सिस्टर माझ्याकडे बघून म्हणायच्या, "आईचं बोलणं आहे हे. मी आपली उरकतेय." त्या दिवसांत त्यांच्या घरातून गुणगुणण्याचा आवाज यायचा, अगदी बेसूर. मी कधी टोकलं नाही.

मग एका सकाळी नातसुनेचाच फोन आला. हौसाकाकू गेल्या, हे त्यांनी मात्र कळवलं. सिस्टर म्हणाल्या, बरं केलंस सांगितलंस. दार ओढून घेतलं आणि दोन दिवस जेवायला आल्या नाहीत. तिसऱ्या दिवशी आल्या, पण गुणगुणणं थांबलं ते थांबलंच.

बोलावणी हळूहळू कमी झाली. आता लोकांना ओळ पाठ होती, बाई लागत नव्हती. एका वर्षी एप्रिल कोरडाच गेला. जयंतीच्या दिवशी त्या इस्त्रीची पांढरी साडी नेसून सकाळपासून तयार होऊन बसल्या होत्या, हे मला उघड्या दारातून दिसत होतं. दुपारी मी जेवायला बोलावलं तर म्हणाल्या, "थांब, साडी बदलून येते."

त्याच सुमाराला त्यांनी देहदान करायचं ठरवलं आणि मुंबईतल्या पुतण्याला फोन करून सांगितलं. भाऊ गेला होता, पुतण्या नावापुरता ओळखत होता. मी विचारलं, असं का? "गावाला नेलं तर कुठल्या शेडमध्ये नेणार? इथं नेलं तर कोण येणार?" मग माझा चेहरा बघून म्हणाल्या, "वाईट वाटून घेऊ नको. नर्सचं आयुष्य पेशंटांत गेलं, आता विद्यार्थ्यांत जाऊ दे. ते निदान नीट बघतील तरी."

आजारपण फार लांबलं नाही. आम्ही जिथे काम केलं त्याच हॉस्पिटलात होत्या, त्याच मजल्यावर. नव्या मुली त्यांना आजी म्हणायच्या. मी सांगायला गेले की या इथल्याच सिस्टर, तर त्यांनी मला डोळ्यांनीच गप्प केलं. एका दुपारी मी त्यांच्यासाठी मऊ भात घेऊन गेले तेव्हा पलंगाभोवतीचा पडदा ओढलेला होता.

पुतण्यानं फोनवर संमती दिली. निघणं जमत नाही म्हणाला, आवाज खरंच पडलेला होता. संध्याकाळपर्यंत बातमी फिरली. माझ्या मोबाइलवर कुठल्या कुठल्या गटांतून श्रद्धांजली यायला लागली. ती ओळ, खाली फुलं, वर फोटो. फोटो त्यांचा नव्हता. पांढऱ्या टोपीतली कुठलीतरी दुसरीच नर्स, चांगली गोरी, हसरी. कुणाला तरी सांगावं असं वाटलं, पण कुणाला सांगणार? ती दुसरी बाई शेकडो लोकांचे नमस्कार घेत होती आणि सिस्टर आणि मी शववाहिकेत होतो, दोघीच.

मेडिकल कॉलेजच्या मागच्या दाराशी एक डॉक्टरबाई आल्या, शरीरशास्त्र शिकवणाऱ्या. त्यांनी चपला काढल्या, हात जोडले. मदतनिसांनी स्ट्रेचर उतरवलं. डॉक्टरबाईंनी मला विचारलं, तुम्ही यांच्या कोण? मी म्हटलं, शेजारीण.

"विद्यार्थ्यांना आम्ही पहिल्या दिवशी थोडं सांगतो, कोण होत्या ते," त्या म्हणाल्या. "काय सांगू?"

ती ओळ माझ्या ओठांवर आली होती. सांगितली असती तर त्यांनी नक्की ओळखलं असतं. मी सिस्टरांच्या चेहऱ्याकडे पाहिलं. चादरीबाहेर एक बट आली होती, ती मी कानामागे सारली.

"यांना संध्याकाळी लवकर जेवायची सवय लागली होती," मी म्हटलं. "माझ्यामुळे. आणि मेथी आवडायची. गाणं बेसूर म्हणायच्या."

डॉक्टरबाई ऐकत होत्या. त्यांनी घाई केली नाही. माझं बोलणं संपल्यावर मदतनिसांनी स्ट्रेचर आत नेलं, चाकांचा आवाज फरशीवरून दूर जात राहिला आणि कुठल्यातरी वळणावर ऐकू यायचा थांबला. बाहेर सूर्य मावळला होता. माझी जेवायची वेळ होऊन गेली होती.